फ्रेमबाहेर काढलेली ठेठरी

पुण्यात फिल्मचा कोर्स सुरू झाला आणि पहिल्याच महिन्यात वर्गातल्या एका मुलीनं सहज विचारलं, "तू मराठी आहेस? बोलण्यावरून वाटत नाहीस." मी हसले, पण ते मला चांगलंच झोंबलं. आमच्या कित्येक पिढ्या रायपुरात मराठीच बोलत आल्या. पुढे स्वतःच्या घरावर छोटी फिल्म करायला सांगितली, तेव्हा मी मनाशी ठरवलं, दाखवतेच आता यांना.

पोळ्याला कॅमेरा घेऊन मी रायपूरला, शंकर नगरच्या घरी हजर झाले. आईला नऊवारी नेसायला लावली. लग्नानंतर तिनं ती पहिल्यांदाच नेसली होती. "मले चालता येऊन नाही राहिलं यात," ती कुरकुरली. मी म्हटलं, "आई, जरा शुद्ध बोल ना, आपण मराठी आहोत हे वर्गातल्यांना पटायला हवं." मग ती बातम्या वाचल्यासारखी बोलू लागली. "दीदी, आई को क्या हो गया?" म्हणत धाकटी बहीण पोट धरून हसायला लागली. हिंदी बोलते म्हणून मी तिला कॅमेऱ्यामागे उभं केलं.

पाटावर मातीचे बैल मांडले होते. नैवेद्याच्या ताटात पुरणपोळी होती आणि शेजारी ठेठरी-खुरमी. ठेठरी बेसनाची, खारी. खुरमी गुळाची, गोड. पोळ्याला छत्तीसगढी घरांत दोन्ही होतातच, आमच्याकडेही होतात. मी हळूच दोन्ही उचलून फ्रिजवर ठेवल्या आणि कॅमेरा सुरू केला.

ताट हातात घेताच आई थांबली. "ठेठरी-खुरमी कुठी गेली वं?"

"आई, ते छत्तीसगढी आहे. फिल्म आपल्यावर आहे."

"आपल्यावर म्हणजे कोणावर?" तिनं ताट खाली ठेवलं. शुद्ध मराठी कुठल्या कुठे पळाली. "लग्न होऊन आली तं या पाऱ्यात, या मोहल्ल्यात मी कोणाले ओळखत नव्हती. पहिल्या पोळ्याले शेजारच्या दीदीनं मले हात धरून हे शिकवलं. तेव्हापासून ताटात ठेवून राहिली मी. काहून काढलं तू? उद्या मलेही काढशील."

मला भयंकर लाज वाटली. बहिणीनं मुकाट्यानं फ्रिजवरचं आणून ताटात ठेवलं. आईनं नऊवारीचा ओचा वर खोचला, माझ्याकडे रागानं पाहिलं आणि पूजा पहिल्यापासून केली. कॅमेरा बंद करायचं भान मला नव्हतं, म्हणून हे सगळं टिपलं गेलं.

फिल्ममध्ये मी तेच ठेवलं, माझ्या मूर्खपणासकट. वर्गात सगळे खळखळून हसले. नंतर तासभर मला घेरून विचारत होते, त्या शेजारच्या दीदी आता कुठे असतात, आई अजून रागावली आहे का, ठेठरी कुरकुरीत कशी होते.

संध्याकाळी आईचा फोन आला. "मंग? पटलं का त्यायले, आपण मराठी आहो म्हणून?"

मला हसूच फुटलं.

"आई, ते विचारायचं सगळ्यांचंच राहून गेलं गं."