दादानं घासलेलं भिंग

कोणाच्या नाकावर चष्मा दिसला की दादा आधी तो उतरवून घ्यायचा आणि मग जयभीम करायचा. माझ्या लग्नात त्यानं माझ्या सासऱ्यांचाही चष्मा काढला. हातभर लांब धरला, उजवीकडं सरकवला, काचेतून दिसणारी मांडवाची बल्ली डावीकडं पळताना पाहिली आणि चष्म्याचा नंबर सांगून टाकला. तेवढा वेळ सासरे भलत्याच माणसाला व्याही समजून हात जोडत होते.

आमच्या बोरी अरबातून शास्त्रज्ञ झालेला हा माझा थोरला भाऊ पहिलाच. दीक्षेनंतर आमच्या वस्तीत घरोघरी पोरं शाळेत घालायची हौस आली, तेव्हा दादा दूर बंगालातल्या एका प्रयोगशाळेत नोकरीला लागलेला होता. दुर्बिणीची, सूक्ष्मदर्शकाची काच त्या काळी परदेशातून यायची. ती आपल्याकडंच करायची या खटाटोपात ही मंडळी होती. भट्टीतून कधी शिरा पडलेली काच निघायची, कधी बुडबुड्यांची. सुट्टीत घरी आला की आम्ही विचारायचो, "झाली का काच?" तो म्हणायचा, "घाई केली त काच राग धरते. वरून चांगली दिसते, अन् घासाले घेतली का तडकते." लग्नाचं विचारलं तरी हेच उत्तर मिळायचं.

मायचे दोन्ही मोतीबिंदू यवतमाळला काढले, तेव्हा त्यानं निरोप धाडला: चष्मा विकत घेऊ नका, मी आणतो. मला गावातच दिलेली, त्यामुळं मायचं सगळं माझ्याकडं होतं. ती भिंत धरून चालायची, ताटातली भाजी चाचपून पाहायची. आणि याला आपल्या भट्टीतल्या पहिल्या स्वच्छ काचेची वाट पाहायची होती. मला त्याचा फार राग यायचा.

शेवटी तो आला. त्या पहिल्या स्वच्छ काचेचा उरलेला तुकडा प्रयोगशाळेतल्या साहेबांकडून मागून घेऊन त्यानं स्वतःच्या हातानं मायसाठी भिंगं घासली होती. तिला चष्मा घालून त्यानं दारात उभं केलं. मायला थेट सडकेवरची बैलगाडी दिसली, बैलाची शिंगं दिसली. दादा आमच्याकडं बघून नुसता हसत होता.

मग माय सूप घेऊन बसली. हात भलतीकडंच पडायला लागला. तिनं चष्मा काढून कोनाड्यात ठेवला तो ठेवलाच.

"काहून काढला?" दादानं विचारलं.

"दूरचं दिसते रे बाबू. हातातलं दिसत नाही."

दादा हिरमुसला. माय आता दारात बसून त्याच्या वाटेकडं डोळे लावणार, असं त्यानं तिकडं बसून गृहीत धरलं होतं, आणि सडकेपर्यंतचा हिशेब करून काच घासली होती. माय त्याला म्हणाली, "तू येशीन त सडक दिसन. तू नसशीन तवा मी काय पाहू? मले कापूस वेचाचा हाय, डाय निवडाची हाय."

त्यानं वाद घातला नाही. सुतळी घेतली, मायला सूप घेऊन बसवलं आणि डोळ्यापासून हातापर्यंतचं अंतर मोजलं. दुसरी काच नव्हती. गोलाई वाढवायची तर हीच भिंगं पुन्हा घासावी लागणार होती, आणि बिघडली तर मायला पुन्हा भिंतच धरायची होती. मी म्हटलं, राहू दे, निदान दूरचं तरी दिसतंय. त्यानं ऐकलं नाही. सुट्टीचे उरलेले दिवस त्यानं यवतमाळच्या एका चष्मेवाल्याच्या दुकानात कुरुंदाची भुकटी घेऊन भिंगं घासण्यात घालवले.

जायच्या दिवशी सकाळी त्यानं चष्मा मायच्या डोळ्यांवर चढवला. तिनं डाळीतला खडा पहिल्याच फेरीत उचलला. मग दुसरा उचलला. दादा समोर वाकून तिची बोटं पाहत होता. मायनं मान वर केली, सूप बाजूला ठेवलं आणि त्याचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"काहून रे बाबू," ती म्हणाली, "डोकं सारं पांढरं झालं तुहं. मले कोणी सांगतलंच नाही."

दादाला कशाचंही कारण विचारा, तो सांगायचा. तेव्हा मात्र तो सूप ओढून स्वतःच डाळ निवडायला बसला. संध्याकाळच्या एसटीनं तो निघणार होता, पिशवी भरून दाराशी ठेवली होती. ती मीच उचलून आत नेली.