लाल रंग फिका पडला तेव्हा

"यात आकडा दिसतो का?" नगरच्या दवाखान्यातल्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी ठिपक्यांचं पुस्तक समोर धरलं. मला सगळे ठिपके मातकटच दिसले. त्यांनी पुस्तक मिटलं. "ऑप्टिक न्यूरायटिस. क्षयाच्या गोळीनं डोळ्याच्या शिरेला इजा झालीय. ती गोळी आजच बंद."

मी राहात्याचा शिंपी. छातीच्या क्षयानं वॉर्डात पडलो होतो. एथॅम्ब्युटॉल नावाची ती गोळी घेता घेता थुंकीतलं रक्त दिसेनासं झालं. रक्त थांबलं, असं मी आनंदानं डॉक्टरांना सांगून टाकलं. मग बायको, सखू, भेटायला आली. तिनं थुंकीच्या भांड्यात पाहिलं.

"रगत हाय की हे. तुमाला दिसत न्हाई व्हय?"

मी संतापलो. मी बरा झालेला तुला नको आहे, असंही बोललो. ती भांडं घेऊन वॉर्डाच्या डॉक्टरांकडे गेली, आणि त्यांनी मला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे धाडलं.

डोळ्यांच्या डॉक्टरांनी समजावलं ते असं. डोळ्याच्या मागच्या पडद्यावर रंग टिपणाऱ्या बारीक पेशी असतात. त्यांचा निरोप शिरेवाटे मेंदूत पोचला की आपल्याला रंग दिसतो. या गोळीनं शीर दुखावली तर बहुधा आधी लाल-हिरव्यातला फरक जातो. मग नजर.

शेजारच्या खाटेवर घोडेगावचे बापू होते. त्यांनी हळूच सांगितलं, त्यांनाही बरेच दिवस असंच दिसत होतं. पण या गोळीनं खोकला थांबला होता; ती बंद झाली तर मरू, म्हणून ते गप्प होते. मी डॉक्टरांना सांगितलं. बापूंची गोळी थांबली, पण उशीर झाला होता.

"तू माजं औषध तोडलंस," एवढंच ते मला म्हणाले.

त्या गोळीऐवजी मला औषधाच्या सुया टोचून घ्याव्या लागल्या. छाती सुधारली. नजर राहिली, रंग मात्र धुतल्यासारखे परतले. आता मी पांढरंच कापड शिवतो. ही गोळी घेणाऱ्यांना माझं सांगणं एकच: रंग फिके वाटले तर त्याच दिवशी डॉक्टरांना सांगा.

पुढे बापूंच्या मुलीच्या लग्नाला सखू आणि मी गेलो. बापूंची छाती बरी झाली होती, डोळे गेले होते. त्यांनी माझा हात धरला.

"तुला दिसतंय न्हवं? मंग सांग, पोरीचा शालू कसल्या रंगाचा हाय?"

नवरी समोरच उभी होती. मी निरखून पाहिलं आणि म्हणालो, "लाल."

"व्हय आबा, लालच हाय," पोर बापाला म्हणाली.

परतीच्या वाटेवर सखूनं सांगितलं, शालू हिरवा होता.