शिक्क्याची ओली शाई
बँकेत शिक्क्याच्या शाईचा वास आला, की हायकोर्टाचा व्हरांडा आठवतो. नवरा मेल्या दिवसापासून मला पेन्शन द्या, असा निकाल लागूनही त्याचं ऑफिस हललं नव्हतं. कोर्टाच्या अवमानाचा अर्ज केला, तेव्हा तिथल्या साहेबाला कोर्टात स्वतः हजर व्हावं लागलं. पुकारा व्हायच्या आधी साहेबाचा कारकून कागद घेऊन धावत आला. "मावशी, पेन्शन मंजूर झाली. तक्रार नाय म्हणून सही करा, लवकर!" "थांबा. चौथी शिकलेय, वाचायला वेळ लागतो." साहेब घाम पुसत होता. मी बोट ठेवून एकेक अक्षर वाचलं. पेन्शन ‘आजपासून’ लिहिली होती. "नवरा काय आज मेला व्हय?" म्हणत कागद परत दिला. साहेबानं उभ्या उभ्याच तारीख बदलून शेजारी शिक्का मारला. ओली शाई बोटाला लागली, मगच मी सही केली. अजूनही बँकेत बोट ठेवूनच वाचते, मागं रांग खोळंबली तरी.