खंडेनवमीचं सुतक

रिसाल्यात दफेदार होऊन मी पेन्शन घेतली. लोक विचारतात, पहिली ड्यूटी कुठं लागली? मी सांगतो, म्हैसुरात, घरच्या देवघरासमोर. वय नऊ.

अप्पा, माझे वडील, महाराजांच्या रिसाल्यातले सवार. मोठ्या लढाईसाठी मिसर देशात गेले तेव्हा बहीण चंपी आईच्या पोटात होती. अप्पांनी तिला पाहिलंच नाही. घरात हुकूम चाले अज्जांचा, म्हणजे अप्पांच्या वडिलांचा. रिटायर्ड जमादार. पहाटे आम्ही पोरंसुद्धा फॉल-इन व्हायचो. रडलं की पाठीवर वेत.

ते गेल्याच्या चौथ्या वर्षी तापाची साथ आली. रिसाल्याच्या लाइनीतल्या घराघरांतून मुडदे निघाले, जाळायला लाकडं पुरेनात. आई अंथरुणाला खिळली, मागोमाग चंपी. खंडेनवमीच्या सकाळी चंपी गेली. तिचा हात माझ्या हातात होता, तो तसाच गार पडला.

अज्जा आले. बघितलं. तिच्या तोंडावर चादर ओढली.

"पूजा व्हायची आहे. तोवर या घरात कुणी मेलेलं नाही. समजलं?"

"अज्जा, चंपी..."

"सुम्निरु! एकदम गप्प. सुतक लागलं तर तलवारीला शिवता येणार नाही. बाप लढाईवर, आणि त्याची तलवार बिनपूजेची? मारायचंय त्याला?"

"नाही, अज्जा."

शस्त्राची पूजा चुकली की धन्याचा घात, हे आम्हा शिपाईगड्यांच्या हाडीमासी खिळलेलं. मी आंघोळ केली. अप्पांच्या घरी ठेवलेल्या तलवारीला गंध लावलं, झेंडू वाहिला, कोहळा फोडला. शेजारी प्रसादाला आले, त्यांच्या हातावर गूळखोबरं ठेवलं. आतून आईनं विचारलं, "चंपी रडत का नाही रे?"

"झोपलीय."

"मग उठवू नको हं."

शेजारी गेल्यावर अज्जांनी चंपी मेल्याचं आईला सांगितलं.

दसरा उलटला आणि रिसाल्याचा माणूस दारात आला. अप्पा लढाईत पडले होते.

"कधी?" अज्जांनी विचारलं.

खंडेनवमीच्या कितीतरी आधी. अज्जा अटेन्शनमध्ये उभे राहिले, सॅल्यूट ठोकला. त्या म्हाताऱ्याचा गळा आवळावा असं वाटलं मला. अजून वाटतं. अरे, ज्याला वाचवायचं तो कधीच गेला होता! पोरीसाठी रडायचं तेवढं राहून गेलं.

अप्पांचं नाव स्मारकाच्या दगडावर कोरलंय. वर्षातून एकदा तिथं हार पडतो, मी जातो. सॅल्यूट अप्पांना करतो. रडतो मात्र चंपीसाठी, आता कुणी अडवत नाही.