माझ्या मुलाचे खेकडे

माझ्या मुलाला पत्त्यांचं भारी वेड. आपले रमी किंवा बदाम सात नव्हेत, तर जादूगार, राक्षस, दलदलीतली भुतं असली चित्रं असलेले इंग्रजी पत्ते. मैलापूरला एका दुकानाच्या माडीवर ही एवढाली घोडी जमायची आणि रविवारचा दिवस दिवस खेळत बसायची. मी करवादायची, "अरे, तुझ्या वयात तुझ्या बाबांच्या दोन बदल्या होऊन गेल्या होत्या!" तो म्हणायचा, "आई, प्लीज ना." जन्म चेन्नईचा, त्यामुळे त्याची मराठी बेताचीच; भांडण अंगाशी आलं की 'प्लीज ना'वर यायचा.

त्या पत्त्यांत प्राण्यांच्या जमाती असतात. ह्याची लाडकी जमात म्हणजे खेकडा आणि विंचवाचं लग्न लावून झालेली पिल्लावळ. डोळे नाहीत, नुसत्या नांग्या. मी त्यांना खेकडेच म्हणायची. त्यांची गंमत त्याने एकदा जेवताना सांगितली. एकेकटा खेकडा अगदी मरतुकडा, कुणीही चिरडावा. पण प्रत्येकात एकेक गुण. एकाला उडता येतं, एक विषारी, एकाची जखम आपोआप भरते. आणि टेबलावर आला की त्याचा गुण सगळ्या जातभाईंना मिळतो. एक उडणारा आला की सगळेच उडायला लागतात. "कमाल आहे बाई," मी म्हटलं, "आपल्या मराठी माणसाचे खेकडे तर एकमेकांचे पाय ओढतात." तो इतका हसला की ठसका लागला, मलाच उठून पाणी द्यावं लागलं.

नोकरी लागून त्याला वर्षसुद्धा झालं नव्हतं. डेंग्यूचं निमित्त झालं आणि आठवड्याच्या आत आमचं पोर गेलं. त्याबद्दल याहून जास्त मला लिहवत नाही.

तेराव्याला सांगलीहून नणंद आली होती. ती म्हणाली, "जाणाऱ्याचं काही मागे ठेवू नये गं, जीव घुटमळतो." मी तेव्हा सांगितलेलं सगळं ऐकत होते. शर्ट दिले, बूट दिले, घड्याळ दिलं. त्याचे ते पत्त्यांवाले मित्र हॉलच्या कोपऱ्यात अंग चोरून बसले होते. त्यांना काय द्यावं? खेकडे त्याने एका वेगळ्या डबीत जपून ठेवले होते. ती डबी मी आणली आणि प्रसाद वाटावा तसा एकेकाच्या हातावर एकेक खेकडा ठेवला. पोरांनी हात पुढे केले, पत्ते घेतले, मान खाली घातली. एक उरला, तो मी माझ्याकडे ठेवला.

पुढे महिन्याभराने ती पोरं मला भेटायला आली. कॉफी देऊन झाली, मुरुक्कू देऊन झाले, तरी कुणी बोलेना. शेवटी मीच म्हटलं, मला हा तुमचा खेळ शिकवा. त्यांच्यातला एकजण तंजावरकडच्या मराठी घरातला, आता मैलापूरचा. बाकीचे मला आंटी म्हणायचे, हा मामी म्हणायचा. त्याच्या घरची मराठी इतकी जुनी की "मामी, जेवण जालें कीं?" एवढं विचारलं तरी मला कीर्तनाला बसल्यासारखं वाटायचं. त्याने मला खेळ समजावला, आणि समजावता समजावता त्याच्या तोंडून निसटलं की खेकडे असे एकेक वाटले की त्यांचा काही उपयोग नाही, कचरा होतो.

मी कपाळावर हात मारला. "मग मेल्यांनो, त्या दिवशी मूग गिळून का बसला होतात?"

"तुम्ही देत होतां, मामी," तो म्हणाला. "घेऊं नये कसें?"

मग त्यानेच मला धीर दिला. नवे खेकडे, म्हणाला, फक्त मालकाच्याच खेकड्यांना गुण देतात. पण माझ्या मुलाकडचे सगळे जुन्या छापाचे. त्यांच्यावर लिहिलेलं असतं, 'सर्व'. कुणाच्या का हातातला असेना, टेबलावर असला म्हणजे झालं. आणि ह्या पोरांनी, मला न सांगता, आपापल्या पत्त्यांत तो एकेक खेकडा घालून ठेवला होता.

त्या दुपारी आमच्या जेवणाच्या टेबलावर ते खेळले. एकाने खेकडा टाकला, त्याच्यासमोरच्याने दुसरा टाकला, आणि दोघांचेही उडायला लागले. तिसरा आला, तसे सगळेच विषारी झाले. शत्रूचा खेकडा आपल्या खेकड्याला बळ देत होता. पोरं ओरडायला लागली, तमिळमध्ये एकमेकांना शिव्या घालायला लागली, आणि मग माझ्याकडे बघून एकदम गप्प झाली. मी म्हटलं, ओरडा रे, ओरडा! अड्यारच्या आमच्या घरात कितीतरी दिवसांनी आवाज झाला होता. माझा मुलगा त्या टेबलावर होता. कुणी मला वेडी म्हणा, मला फरक पडत नाही.

मग दर रविवार आमच्याकडे. मी साबुदाणावडे तळायची आणि खेळायलाही बसायची. आमचे हे मात्र पोरं यायच्या सुमारास छत्री घेऊन बाहेर पडायचे. एकदा मी चिडून विचारलं, तर म्हणाले, "त्यांचं हसणं ऐकवत नाही मला." मी पुन्हा विचारलं नाही. दुःख एकच, पण दोघांची तऱ्हा वेगळी.

पोरं काय कायमची राहणार होती? एकाला बेंगळुरूला नोकरी लागली. जाण्याआधी पाया पडायला आला आणि दोन्ही हातांनी खेकडा पुढे केला. "आंटी, हा तुमच्याकडेच असू दे." किती गुणी पोर! मी घेतला, पेढा दिला, दार लावलं आणि स्वयंपाकघरात जाऊन रडले. त्याच्यानंतर एक जर्मनीला गेला. एकाचं लग्न झालं आणि त्याचे रविवार सासुरवाडीने घेतले. जो जाई तो मला पत्ता परत देई, अगदी नव्या प्लॅस्टिकच्या पाकिटात घालून, आणि वर म्हणे, "आंटी, आता सेट पूर्ण व्हायला आला." त्यांना वाटायचं, आंटीला आनंद होईल. मला त्या पाकिटाची धडकी भरायची. पत्ता घरात आला की टेबलावरचं एक माणूस गेलं. सगळे खेकडे डबीत जमले की माझा मुलगा पुन्हा मेला, एवढा सरळ हिशोब होता.

शेवटी उरला मैलापूरचा. आम्ही दोघंच खेळायचो. गेल्या महिन्यात तो मधल्याच वारी आला, तोंड एवढंसं करून. मी ओळखलं.

"कुठे?" मी विचारलं.

"पुणें."

"पुण्याला? तुझी ही मराठी घेऊन? जिवंत सोडतील का रे तुला ते!" मला हसूही आलं. तोही हसला. आणि मग त्याने खिशातून ते पाकीट काढलं.

माझा तोल सुटला. "ठेव ते आत! आणा, सगळे आणून द्या, भरा माझी डबी! मला पत्ते नकोत रे, मला माझा मुलगा पाहिजे!" शेजारच्या बाल्कनीत कुणीतरी कपडे वाळत घालायचं थांबलं, इतकी मी ओरडले. ते बिचारं पोर पाकीट हातात धरून उभं. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं, पण पुसायचंही त्याला सुचेना.

मीच त्याला धरून बसवलं. पाणी दिलं. म्हटलं, "चुकलं माझं. एक डाव खेळू, मग जा."

त्याच्याकडे तो एक, बाकी सगळे माझ्याकडे. मी एकेक करून सगळे मांडले. त्यांचं उडणं, विष, बळ, सगळं समोरच्या त्या एकट्याला मिळालं. या खेळात समोरचा चालून आला की आपला एखादा प्राणी आडवा घालायचा असतो. नाही घातला तर घाव आपल्या अंगावर येतो. माझ्याकडे आडवे घालायला पुष्कळ होते.

त्याने आपला खेकडा टेबलावर वळवला, म्हणजे तो माझ्यावर चालून निघाला. माझ्याकडे बघत थांबला.

"कोणाला घालतां आडवें, मामी?"

"कोणालाच नाही."

"मामी, हराल तुम्ही."

"येऊ दे रे," मी म्हटलं. "येऊ दे त्याला माझ्यापर्यंत."