रेडिओतली सून

"वर येव नको गो. थंयच बस," खोतीण म्हणाली.

मी खळ्यातच, ओटीसमोरच्या अंगणात, बसले. दुपारचं ऊन. ओटीवर मुंबईचे पाहुणे लोडांना टेकून बसलेले. जेवणं झालेली. पानाचं तबक फिरत होतं. त्यातला एकजण माझ्याकडे बघून खोतांना म्हणाला, "हीच का ती?" खोत म्हणाले, "हीच. देवळातल्या बायचा चेडू. गळो बरो आसा." मी समोर असून मला कोणी काही विचारलं नाही. बाजारात सुरमई बघावी तसे ते बघत होते.

तेवढ्यात माजघरातून माझा आवाज आला.

माझाच. गावात एकच रेडिओ होता, खोतांचा. बॅटरीवरचा. त्याची तार माडाला बांधलेली. आठवड्यातून एकदा दुपारी मुंबई केंद्रावरून एक श्रुतिका लागायची. एका घरंदाज सुनेची गोष्ट. सासू छळते, सून सोसते आणि शेवटी देवापुढे बसून गाणं म्हणते. ती सून मी होते. बोलणंही माझं, गाणंही माझं. स्टुडिओत ध्वनिमुद्रण करून ठेवलेलं. मी गावात होते आणि आवाज मुंबईहून येत होता.

खोतीण रेडिओजवळ जाऊन बसली. शेजारच्या बायकाही मागल्या दाराने आल्या. सासूने सुनेच्या हातातलं ताट हिसकावलं, तेव्हा खोतीण डोळ्याला पदर लावून म्हणाली, "गरीब गो बाय माझी. काय तिचा नशीब!"

माझा आवाज ओळखला गेला तर? हिने आता बाहेर बघितलं तर? मी खोकले तर? मी तोंड गच्च मिटून बसले.

आमच्या घराची गोष्ट सांगायला हवी. तारकर्लीच्या अलीकडे, खाडीकाठच्या गावात आम्ही राहायचो. आई देवळात झाडलोट करायची. पालखीपुढे दिवटी धरायची. तिचं लग्न देवाशी लावलेलं. म्हणजे तिला नवरा नाही आणि गावातल्या मोठ्या घरांतल्या पुरुषांना तिचं दार बंद नाही. माझा बाप कोण, हे गावाला ठाऊक होतं. मला कोणी सांगितलं नाही. लहान असताना माझंही असंच लग्न लावायचं ठरलं. हिरव्या बांगड्या आणल्या होत्या. त्याआधीच माझी मावशी मला मुंबईला घेऊन गेली. ती नाटक कंपनीत पदं म्हणायची. मीही तिथे छोटी कामं करू लागले. कंपनी बुडाली, मग रेडिओ. बाकी शिक्षण नाही. आवाज होता, तेवढ्यावर जगले.

आईचा दमा वाढल्याचा निरोप आला म्हणून मी गावी आले होते. आल्या आल्या खोतांचा माणूस दारात. पाहुणे आलेत, दुपारी गायला पाठवा.

मी आईकडे बघितलं. वाटलं, ती नाही म्हणेल.

आई म्हणाली, "जा गो बाय. एक गाणा म्हण आणि ये. माका हंयच रवाचा आसा."

तिला दोष नाही देत. आमचं घर खोतांच्या जमिनीत होतं. कायदे बदलले असं मुंबईत ऐकायचे. आमच्या गावात ते आले नव्हते. आणि एक गाणं म्हणजे किती, हे आईला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक होतं. तिनेही कधीतरी असंच एक गाणं म्हटलं असेल. त्यानंतर कोणीतरी पाणी मागितलं असेल. मग सगळे उठले असतील आणि तिला थांबवलं असेल. तिने माझ्या केसात अबोली माळली. माळलेली काढून पुन्हा घट्ट खोवली. तेव्हा मला खरी भीती वाटली.

तर मी खळ्यात. श्रुतिका संपली. सुनेचं गाणं झालं. ओटीवरचे पाहुणेसुद्धा कान देऊन ऐकत होते. मघाशी "हीच का ती" म्हणालेला गृहस्थ म्हणाला, "काय आवाज आहे हो! असल्या आवाजाला संस्कार लागतात. घराणं लागतं." मग माझ्याकडे वळून म्हणाला, "काय गं, तुला येतं का हे सुनेचं गाणं? म्हणून दाखव बघू."

माझी एक खोड आहे. घाबरले की माझ्या तोंडातून मालवणी निघत नाही. स्टुडिओतलं मराठी निघतं. शुद्ध. सुनेचं.

मी म्हणाले, "ते माझंच गाणं आहे."

एवढंच बोलले. पण आवाज तोच होता. आता तर त्यांनी तो ऐकला होता.

खोतीण उंबरठ्यावर आली. "काय म्हणालंस? परत बोल."

मी पुन्हा तेच म्हणाले. तिने मला वरपासून खालपर्यंत बघितलं. क्षणभर, खरंच सांगते, क्षणभर मला वाटलं ही आता मला वर बोलावणार. मघाशी माझ्यासाठी रडली होती. गरीब बाय माझी म्हणाली होती.

ती म्हणाली, "शी! हिच्यासाठी मी रडलंय? रेडिओवर नाव तर बामणीचा सांगतत!"

नाव केंद्राने दिलं होतं. कागदावर बापाच्या नावाची जागा कोरी राहिली, तेव्हा तिथल्या साहेबांनी एक चांगलंसं आडनाव ठेवून दिलं. सून शोभायला हवी म्हणाले. मी मान हलवली होती.

खोतीण आत गेली. रेडिओ बंद झाल्याचा खटकन आवाज आला. नंतर कळलं, तिने त्यावर गोमूत्र शिंपडलं.

पुरुषांचं मात्र वेगळं झालं. ते सावरून बसले. पाहुणा हसायला लागला. "म्हणजे घरबसल्या खुद्द सूनबाईच आल्या की! खोत, आता नुसत्या गाण्यावर नाही भागायचं." सगळे हसले. खोतही हसले. म्हणाले, "वर ये गो. पायरेर बस आणि गा. मग सांजेक हंयच रव."

मघाशी वर येऊ नको. आता वर ये.

मी उठले. लुगड्याच्या निऱ्या मुठीत धरल्या. मागे फाटक होतं. तिथे खोतांचा गडी उभा होता. तो धरेल का? माझं काही झालं तर गावात कोण विचारणार? कोणी नाही. हे सगळं डोक्यात एकदम आलं. आणि या सगळ्याच्या मधून माझ्या तोंडून आमची बोली बाहेर पडली.

"मी गावचंय नाय."

"काय?"

"गावचंय नाय. आणि रवचंय पण नाय." गाणार नाही, राहणारही नाही.

खोतांनी आवाज चढवला नाही. पानाची पिंक टाकली. "तुझ्या आवशीचा घर आमच्या जमनीत आसा. इसारलंस?"

"नाय इसराक. मोडूचा तर मोडा."

मी वळले. फाटकापाशी गडी बाजूला झाला. का झाला, मला ठाऊक नाही. त्याने माझ्याकडे बघितलं नाही. मी चालत गेले. धावायचं नाही, एवढंच स्वतःला सांगत होते. धावले असते तर पडले असते.

सकाळी त्यांची माणसं आली. छपरावर चढून कौलांचा एकेक नळा काढून खाली फेकायला लागली. आई अंगणात बसून खोकत होती. शेजारचे आपापल्या दारात उभे होते. चूल, पेटी, समई आम्ही दोघींनी बाहेर काढली.

मालवण बंदरात होडीतून आगबोटीवर चढताना आईने माझा दंड इतका घट्ट धरला की वळ उठले. ती कधी बोटीवर चढली नव्हती. बोट सुटल्यावर तिने पहिल्यांदा तोंड उघडलं. "गायलं असतंस तर काय बिघाडला असता?"

ती मरेपर्यंत तिला माझं न गाणं पटलं नाही. गाव सुटल्याचं दुःख घेऊनच ती गेली.

मुंबईत पोचलो तर आमच्याआधी बातमी पोचलेली. पाहुण्यांपैकी कोणीतरी बोललं होतं. केंद्रावरच्या साहेबांनी मला बोलावलं. दार लावून घेतलं. म्हणाले, "तुझ्याविषयी काहीबाही ऐकतोय. मी दाबून टाकीन. तू कुणापाशी बोलू नकोस. नाव आहे तेच चालू राहील."

चांगला माणूस होता. मदत करत होता. खोली घेतली होती. आई आजारी. काम गेलं तर दोघी रस्त्यावर.

मी म्हणाले, "नाव बदला, साहेब. माझं नाव आणि त्यापुढे आईचं नाव लावा."

"वेडी आहेस का? असं नाव ऐकल्यावर कोण तुला घरंदाज सून म्हणेल?"

"मग मारा तिला," मी म्हणाले.

श्रुतिकेतली सून मेली. मरतानाची वाक्यं मीच बोलले. घराघरांत बायका रडल्या असतील. शेवटचं गाणंही मीच म्हटलं. त्यानंतर बरेच दिवस काम नव्हतं. मग मिळालं ते मोलकरणीचं, वेडीचं, भिकारणीचं. दोन ओळींचं. कार्यक्रमाच्या शेवटी नावं वाचायचे तेव्हा माझ्या नावापुढे आईचं नाव यायचं. निवेदक तिथे अडखळायचा.

भीती गेली नाही. कुठल्याही कचेरीत गेले, की टेबलापलीकडचा माणूस विचारतो, "वडिलांचं नाव?" जीभ जड होते. मग मी आईचं नाव सांगते. तो वर बघतो. मी पुन्हा सांगते, मोठ्याने, मागच्या रांगेला ऐकू जाईल असं. आणि तो ते लिहीपर्यंत मी टेबलापुढून हलत नाही.