गंगाक्कांचा कब्जा

गंगाक्का कोर्टात आल्या की बाकावर बसायच्या नाहीत. बाकावर त्यांचे थोरले दीर बसलेले असायचे, आणि थोरल्या दिरासमोर बरोबरीनं बसायचं नाही ही त्यांच्या घरची रीत. त्या भिंतीला टेकून खाली बसायच्या, डोक्यावरचा पदर सारखा करायच्या आणि पुकारा झाला की त्याच दिराविरुद्ध उभ्या राहायच्या. गडहिंग्लजला मी बरीच वर्षं वकिली करते. कोर्टाच्या आवारात एकमेकांवर धावून जाणारे सख्खे भाऊ पाहिले. सगळा मान राखून भांडणारं माणूस हे एकच.

"आक्का, बाकावर जागा आहे," मी एकदा म्हटलं.

"असू दे की. दावा घराचा हाय, मानाचा न्हाय."

प्रकरण साधं होतं. नेसरीजवळच्या एका गावात दोन भावांचं एकच लांबट घर. त्यातल्या दोन खोल्यांत धाकटा भाऊ आणि गंगाक्का राहायचे. मूलबाळ नव्हतं. नवरा वारला, वर्षश्राद्ध झालं, आणि आक्का भाचीच्या लग्नाला चंदगडकडे माहेरी गेल्या. परत आल्या तर दाराला दिरांचं कुलूप. भांडी अंगणात काढलेली, पण घासून, पालथी घालून, वर ताडपत्री टाकलेली. वाटणी कधी झालीच नाही, असं दिरांचं म्हणणं; त्यांना जुनं पाडून मुलासाठी स्लॅबचं घर बांधायचं होतं. आक्कांनी दगडानं कुलूप फोडलं, चूल पेटवली आणि दुसऱ्या दिवशी पहिल्या एस.टी.नं माझं ऑफिस गाठलं.

मी वाटपाचा दावा लावला आणि सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज दिला. अशा अर्जात तीन गोष्टी दाखवाव्या लागतात. सकृतदर्शनी हक्क आहे, मनाई न मिळाल्यास आपलीच गैरसोय जास्त होईल, आणि होणारं नुकसान कधीच भरून येणार नाही. तिसऱ्या मुद्द्यावर आक्कांनी मला थांबवलं.

"मालक गेलं, त्ये ह्यात धरायचं का?"

"नाही आक्का. फक्त घरापुरतं."

"मग लिवा तुमास्नी काय लिवायचं त्ये."

हुकूम मिळाला. दाव्याचा निकाल लागेपर्यंत दिरांनी किंवा त्यांच्या माणसांनी त्या दोन खोल्यांत शिरायचं नाही. बेलिफानं तो अंगणात मोठ्यानं वाचला. सगळी गल्ली गोळा झाली होती. दीर पाण्याचा तांब्या हातात धरून शेवटपर्यंत ऐकत राहिले. मी आक्कांना फोन करून सांगितलं, आता निवांत झोपा.

"तात्पुरता म्हंजे किती पावसाळं वो, बाई?"

"निकाल लागेपर्यंत."

"आनि निकाल कवा?"

मी पुढची तारीख सांगितली. कुठल्याही पक्षकाराला तेवढीच सांगता येते.

हुकूम दिरांना होता, पण घरात अडकल्या आक्का. "कागुद कोर्टात, कुलूप दारात," असं त्या म्हणायच्या. माहेरी जाणं बंद झालं. पाठचा भाऊ गेला तेव्हा सकाळी जाऊन संध्याकाळच्या आत परतल्या. दहाव्याला गेल्याच नाहीत. घरात गॅस होता, तरी रोज चूल पेटायची. तारखेला येतानासुद्धा चुलीत शेणकूट सरकवून यायच्या. "धूर दिसला की गाव म्हणतंय, बाई हाय घरात. कब्जा म्हंजे त्योच की." कधी समोरचे वकील मुदत मागायचे, कधी न्यायाधीशांची बदली व्हायची. आक्का पुढची तारीख विचारून घ्यायच्या आणि एस.टी. स्टँडकडे चालू लागायच्या.

मग त्यांच्या छातीत कळा येऊ लागल्या. कोल्हापूरला नेऊन दवाखान्यात ठेवा, चार-पाच दिवस लागतील, असं डॉक्टरांनी सांगितलं. आक्का ऐकेनात, म्हणून मी गावी गेले.

"तुम्ही घरात नसलात तरी हुकूम राहतो," मी म्हटलं. "दीर आत शिरले तर तो कोर्टाचा अवमान. तुरुंगात जातील."

"आनि पाडल्यालं घर तुरुंगवाला बांधून देतोय व्हय?"

"शेजारच्या शांताबाईंना राहायला सांगू."

"सांगा की! म्हंजे कब्जा तिचा. मग तिच्यावर दावा लावू. तुमास्नी बी काम हुईल." त्या हसल्या, आणि हसता हसता छाती धरून खाली बसल्या. भिंतीपलीकडून दिरांचा खोकला ऐकू आला. आक्कांनी आवाज एकदम खाली आणला. "हळू बोला. माझं दुखनं भावजींस्नी कळाय नको."

आणि ते कळू दिलं नाहीच. पुढच्याच महिन्यात एका सकाळी मला फोन आला.

"वकीलबाई, मी गंगीचा दीर बोलतोय. शांतीनं खिडकीतनं बघितलं. पडल्याली हाय. गेली, बाई."

"मग आत जा ना!"

"मनाई हाय न्हवं. आमी समदी अंगनात उभी हाय. पाय टाकू का नको, तेवडं सांगा. उद्या तुमीच माझ्यावर केस लावशीला."

"जा. मी सांगते ना."

"लिवून द्या."

मी मोबाइलवर लिहून पाठवलं: अंत्यविधीसाठी आत जाण्यास वादीतर्फे हरकत नाही. ज्या वादीतर्फे लिहिलं ती आत जमिनीवर पडली होती. मी पोचले तेव्हाही दीर अंगणातच होते. मुलानं त्यांना मजकूर दोनदा वाचून दाखवला होता, तरी त्यांचं पाऊल उचललं नव्हतं. शेवटी शांताबाईंनी खिडकीतून हात घालून कडी काढली आणि गल्लीतल्या बायकांनी आक्कांना बाहेर आणून चटईवर ठेवलं. तिथून पुढचं सगळं दिरांनी केलं. तोंडात पाणी, खांदा, अग्नी. रडलेही मोठ्यानं, आणि ते रडणं खोटं नव्हतं.

पुढच्या तारखेला वादी मयत झाल्याचं मी कोर्टाला लेखी कळवलं. मूलबाळ नसलेल्या विधवेचं सासरचं घर नवऱ्याच्या वारसांकडे जातं, हा कायदा मला पाठ आहे. न्यायाधीशांनी कागद वाचला आणि विचारलं, "वादीला वारस कोण?"

मी तोंड उघडायच्या आत मागून दीर पुढे आले. टोपी काढून हातात घेतली आणि म्हणाले, "मीच हाय, साहेब."